चाक्षुषी विद्या अर्जुनाकडे होती का?

प्रश्न : चित्ररथ गंधर्वाने अर्जुनाला चाक्षुषी विद्या दिली आणि तिच्या बळावर तिन्ही लोकांतील हवे ते बसल्या जागी पाहता येत असे, अशी कथा मी लहानपणापासून कीर्तनांतून ऐकत आलो आहे. तसे असेल, तर अभिमन्यू चक्रव्यूहात एकटा लढत असताना अर्जुनाला ते का दिसले नाही? (एक वाचक, सातारा)

उत्तर : आपला प्रश्न वाचून मी आदिपर्वातील तो प्रसंग पुन्हा एकदा मुळातून वाचला. भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिराने वि. सी. सुखठणकर यांच्या संपादनाखाली १९३३ मध्ये पूर्ण केलेल्या आदिपर्वाच्या चिकित्सक आवृत्तीत तो १५८ व्या अध्यायात आहे. पांचालांकडे निघालेले पांडव कुंतीसह रात्रीच्या वेळी गंगेच्या तीरावर येतात आणि अर्जुन हाती पेटते कोलीत घेऊन सर्वांच्या पुढे चालत असतो. त्या ठिकाणी आपल्या स्त्रियांसह जलक्रीडा करणारा गंधर्व अंगारपर्ण, म्हणजेच आपल्या प्रश्नातला चित्ररथ, त्यांना अडवतो. अर्जुन आग्नेयास्त्राने त्याचा रथ जाळतो आणि मूर्च्छित पडलेल्या गंधर्वाला केसांना धरून भावांपुढे ओढत आणतो. गंधर्वाची पत्नी कुंभीनसी युधिष्ठिराला शरण जाते आणि युधिष्ठिराच्या सांगण्यावरून त्याला जीवदान मिळते. त्या जीवदानाची परतफेड म्हणून गंधर्व चाक्षुषी विद्या देऊ करतो.

ही विद्या मनूने सोमाला, सोमाने विश्वावसूला आणि विश्वावसूने आपल्याला दिली, असे तो सांगतो. तिन्ही लोकांत जे काही पाहण्याची इच्छा होईल ते दिसते आणि ज्या प्रकारे पाहावेसे वाटेल त्या प्रकारे दिसते, असे तिचे वर्णन आहे. ती मिळवण्यासाठी एरवी सहा महिन्यांचे व्रत करावे लागते, परंतु अर्जुनाला आपण ती व्रतावाचून देऊ, असेही तो म्हणतो. भ्याड माणसाच्या हाती गेल्यास गुरूने दिलेली असूनही ती नष्ट होते, हा इशारा तो आधीच देऊन ठेवतो. माणसांपेक्षा गंधर्व श्रेष्ठ ठरतात ते याच विद्येमुळे, असा त्याचा दावा आहे. याखेरीज प्रत्येक भावाला शंभर दिव्य घोडे देण्याची तयारीही तो दाखवतो.

यापुढचा भाग कीर्तनात सहसा येत नाही, आणि माझ्या मते आपल्या प्रश्नाचे उत्तर तिथेच दडलेले आहे. प्रसन्न होऊन असो, की जीव धोक्यात आल्यामुळे असो, विद्या किंवा धन असे दिलेले मला रुचत नाही, असे अर्जुन स्पष्टपणे सांगतो. तेव्हा गंधर्व म्हणतो की, जीव वाचवल्याबद्दल मी संतोषाने विद्या देतो आणि तुझ्याकडून आग्नेयास्त्र घेतो. यावर अर्जुन जे उत्तर देतो त्यात ‘अस्त्राच्या बदल्यात मी घोडे घेतो, आपले सख्य कायम राहो’ एवढेच आहे. विद्येचा उल्लेख त्यात नाही. पुढे निरोपाच्या वेळी तो आग्नेयास्त्र विधिपूर्वक गंधर्वाला देतो आणि घोडे तूर्त तुझ्याकडेच राहू देत, कामाच्या वेळी आम्ही ते घेऊ, असे सांगतो. तिथेही विद्येबद्दल एक शब्द नाही. गंधर्वाने विद्या देऊ केली हे निश्चित आहे. अर्जुनाने ती घेतली असे मात्र त्याच्या तोंडून कुठेच येत नाही. स्वाभिमानी योद्ध्याने दान नाकारून बरोबरीच्या नात्याने देवघेव करावी, हे मला अर्जुनाच्या स्वभावाला धरूनच वाटते.

द्रोणपर्वातील तेराव्या दिवसाचे वर्णनही याच्याशी जुळते. संशप्तकांशी, म्हणजे मागे न हटण्याची शपथ घेऊन लढणाऱ्या योद्ध्यांशी, लढून परतताना अर्जुन कृष्णाला म्हणतो की, माझे हृदय का भ्याले आहे, माझे शब्द का अडखळत आहेत. त्याला अपशकुन दिसतात आणि शिबिरात वाद्ये वाजत नाहीत हेही त्याच्या ध्यानात येते. भावांपुढे तो म्हणतो की, द्रोणांनी चक्रव्यूह रचल्याचे मी ऐकले आहे आणि व्यूहातून बाहेर पडण्याचा मार्ग मी अभिमन्यूला शिकवला नव्हता. ‘ऐकले’ हा त्याचाच शब्द आहे. दूरचे पाहू शकणारा पिता असे बोलला नसता. विद्या त्याच्याजवळ होती असे क्षणभर मानले, तरी तिच्या वर्णनात ‘पाहण्याची इच्छा होईल ते’ अशी अट आहे. संशप्तकांच्या बाणांशी झुंजणाऱ्याला अशी इच्छा करण्याची सवड कुठून मिळणार? तरीही अर्जुनाने विद्या घेतलीच नाही, हा पहिलाच अर्थ मला अधिक ग्राह्य वाटतो.

प्रश्न : डोळ्यांच्या विकारांसाठी म्हटली जाणारी चाक्षुषी विद्या ती हीच का? (एक वाचक, बेळगाव)

उत्तर : नाही. ते चाक्षुषोपनिषद होय. ती सूर्याची प्रार्थना असून नेत्ररोग हरण करणारी विद्या असा तिचा उल्लेख तिच्या आरंभीच येतो. दूरचे पाहण्याशी तिचा संबंध नाही. ‘चक्षुस्’ या शब्दामुळे दोन्हींची नावे सारखी झाली आहेत. पठण श्रद्धेने जरूर करावे, मात्र त्यासाठी नेत्रतज्ज्ञांकडे जाणे लांबवू नये, ही कळकळीची विनंती आहे.

प्रश्न : संजयाची दिव्यदृष्टी आणि चाक्षुषी विद्या यांत फरक काय? (एक वाचक, इंदूर)

उत्तर : चाक्षुषी ही गुरुपरंपरेने आलेली विद्या आहे, तर संजयाची दृष्टी हा व्यासांनी एका कामासाठी दिलेला वर आहे. व्यास प्रथम धृतराष्ट्रालाच डोळे देऊ करतात, परंतु आप्तांचा वध पाहण्याची इच्छा नाही, मला तो ऐकायचा आहे, असे धृतराष्ट्र म्हणतो, म्हणून तो वर संजयाकडे जातो. उघड असो की गुप्त, दिवसा असो की रात्री, इतकेच काय, मनात आणलेलेही त्याला कळेल, असे व्यास सांगतात. यात मनातले कळणे ही चाक्षुषीच्या पलीकडची गोष्ट आहे.

संजय हस्तिनापुरात बसून सगळे सांगत होता, हे आपल्या मनातले चित्र मात्र मूळ कथेशी जुळत नाही. भीष्म पडल्यावर तो रणातून धावत येतो आणि मग वृत्तांत सांगतो. शल्यपर्वात तर सात्यकीने त्याला पकडून मारण्यासाठी तलवार उगारली होती आणि व्यासांनी येऊन त्याला सोडवले. दुर्योधनाने प्राण सोडल्यावर सौप्तिकपर्वात संजय धृतराष्ट्राला सांगतो की, तुझा पुत्र स्वर्गाला गेला आणि शोकाने व्याकूळ झालेल्या माझी ऋषींनी दिलेली दिव्यदृष्टीही आज नाहीशी झाली.