पोथ्या, पक्ष्यांची पुस्तकं आणि चित्रांचे ग्रंथ एकाच कपाटात कसे टिकवायचे?

कोकणातल्या दमट घरात वडिलांचा संग्रह आहे, त्यात पोथ्या, झाडापक्ष्यांची पुस्तकं आणि चित्रकलेचे मोठे ग्रंथ आहेत, ते कसे लावावेत असं तुम्ही विचारलंत. मी म्हणेन, विषय बाजूला ठेवा आणि कागद व बांधणी पाहून लावा.

सर्वांत नाजूक चित्रांची पुस्तकं. त्यांच्या गुळगुळीत आर्ट पेपरवर चिनी मातीसारखा लेप असतो. पान भिजून तसंच वाळलं की सगळ्या पुस्तकाची वीट होते आणि ओढून सोडवायला गेलं तर चित्रच निघून येतं. म्हणून भिजलेलं पुस्तक उन्हात घालू नका. मिटलेलंच प्लास्टिकच्या पिशवीत घालून सहा तासांच्या आत डीप फ्रीझरमध्ये ठेवा. पुढे सवडीने काढा, सैलावेल तसं एकेक पान सोडवा, प्रत्येक पानाआड बटर पेपर घाला आणि पंख्याखाली वाळवा. एरवी हे ग्रंथ आडवे ठेवा, एकावर एक फार तर तीन. उभे ठेवले की पानांचं वजन शिवणीला लोंबतं आणि पुठ्ठा सुटतो.

पोथीची पानं सुटी असतात, तिला शिवणीचा त्रास नाही. तेल, पाणी आणि सैल बंधन यांपासून मला सांभाळा, असं जुने लेखनिक शेवटच्या पानावर पोथीच्याच तोंडून सांगत, ते आजही तंतोतंत लागू आहे. समईचं तेल लागलेल्या हातांनी पानं उलटू नका. हळदकुंकू वाहायचं तर वेष्टनावर वाहा. लाल कापड ओलं झालं की रंग सोडतं. त्यापेक्षा धुऊन खळ काढलेला पांढरा मांजरपाट बरा. वर-खाली पानाच्या मापाच्या फळ्या ठेवून नाडी बांधा, कडा दुमडणार नाहीत इतपतच घट्ट. हस्तलिखितावर ओलं फडकं कधीच फिरवू नका, शाई पसरते. मऊ कोरडा ब्रश पुरे.

पक्ष्यांची पुस्तकं रानात फिरून दमट होऊन येतात. दोन दिवस वाऱ्यावर उघडी ठेवून मगच कपाटात लावा, आणि आत जपलेली पानं-पिसं काढून टाका, त्यांतूनच कीड येते.

कपाट बाहेरच्या भिंतीपासून १० सेंमी आणि जमिनीपासून १५ सेंमी दूर हवं. हवेतली आर्द्रता ६५ टक्क्यांवर टिकून राहिली की बुरशी धरते. स्वस्तातला आर्द्रतामापक आत ठेवा. सिलिका जेल घट्ट बंद होणाऱ्या कपाटातच उपयोगी. डांबराच्या गोळ्यांनी बुरशी थांबत नाही. कडुनिंबाचा पाला घालायचा तर कडकडीत वाळलेला, नाहीतर ओल तोच आणतो.

छापील पुस्तकात बारीक भोकं आणि ताजा भुसा दिसला तर ते हवाबंद पिशवीत घालून उणे १८ अंशांवर दोन आठवडे ठेवा. बाहेर काढल्यावर पिशवी २४ तास उघडू नका, नाहीतर गार कागदावर दव धरतं.