५० लाखांचं गृहकर्ज शेवटी कितीला पडतं?

२० वर्षं, साडेआठ टक्के व्याज धरू. हप्ता येतो साधारण ४३,३९१ रुपये. त्याला २४० ने गुणा: १ कोटी ४ लाखांच्या वर. म्हणजे ५० लाखांवर ५४ लाख नुसतं व्याज.

पण खरी गंमत पहिल्या हप्त्यात आहे. त्यातले ३५,४१७ व्याजात जातात, मुद्दलात जेमतेम ८ हजार. पाच वर्षांत २६ लाख भरूनही मुद्दल सहा लाखांनीसुद्धा उतरत नाही. स्टेटमेंटमधला तो आकडा बघून माझी बायको म्हणाली होती, "अहो, यांची काहीतरी चूक झालीय." चूक नव्हती.

हेच कर्ज १५ वर्षांचं घेतलंत तर हप्ता ४९,२३७. महिन्याला पाच-सहा हजारांची ओढाताण, पण व्याजाचे साडेपंधरा लाख वाचतात. तेवढं झेपत नसेल तर दिवाळीच्या बोनसमधून वर्षाला एक जादा हप्ता मुद्दलात टाका, तीनेक वर्षं आधी सुटाल. वैयक्तिक गृहकर्ज फ्लोटिंग, म्हणजे वेळोवेळी बदलणाऱ्या दराचं असेल तर मुदतपूर्व फेडीवर बँकेला दंड लावता येत नाही.

आणि असा दर वाढला की बऱ्याचदा हप्ता तोच राहतो, मुदत लांबते. शिल्लक हप्ते किती, ते वर्षातून एकदा तरी बघा.