वावर विकू नका, आधी मुलीशी बोला

(दारव्हा तालुक्यातल्या एका शेतकरी वडिलांचं पत्र. मुलगी बारावी विज्ञान, ५८ टक्के. डॉक्टरकीची 'नीट' प्रवेश परीक्षा दोनदा हुकली. दीड एकर विकून तिला पुन्हा क्लास लावायचा विचार आहे. ती मात्र रात्री काचा रंगवत बसते. "काचा रंगवून पोट भरते का?" असं ते विचारतात.)

नमस्कार भाऊ,

"काच गोठ्यात टाकून देली, आता तरी डोकं ठिकाणावर येईन," हे तुमचं वाक्य मला फार लागलं. दोनदा नापास झाल्याचं दुःख पोरगी त्या काचेवर विसरत होती. तीही तुम्ही काढून घेतली. तिला डॉक्टर व्हायचंय का, हे एवढ्या लांब पत्रात कुठेच नाही. वावर विकलंत तर तिसऱ्या परीक्षेला ती त्या दीड एकराचं ओझं घेऊन बसेल. सौदा थांबवा.

तक्रारीसोबत पाठवलेला तिच्या विठ्ठलाच्या चित्राचा फोटो मी बराच वेळ पाहिला. ते चित्र काचेच्या मागच्या बाजूने रंगवलेलं आहे. यात सगळा क्रम उलटा असतो: बुबुळं, टिळा, तुळशीमाळ आधी, अंगाचा रंग नंतर, पार्श्वभूमी शेवटी. पहिली रेघ चुकली तर वरून रंग देऊन झाकता येत नाही, कारण समोरून तीच दिसते. कुणी न शिकवता हे जमवणाऱ्या मुलीचं डोकं ठिकाणावरच आहे.

तुम्ही याला बाटलीतले रंग भरायचा छंद समजता. ते रंग काचेवर नुसते बसतात, खरवडले की निघतात. जुन्या इमारतींच्या खिडक्यांवर शतकानुशतकं टिकलेलं काम वेगळं आहे. काचेची पूड आणि धातूंची ऑक्साइडं मिसळलेला रंग लावून काच भट्टीत साधारण ६०० ते ६५० अंश सेल्सिअसला भाजतात, तेव्हा तो काचेशी एकजीव होतो. पिवळा रंग चांदीच्या क्षारांतून येतो. तिचं बारावीचं रसायनशास्त्र इथे कामी येईल.

बी.एफ.ए. या चित्रकलेच्या पदवीसाठी राज्याची कला सीईटी ही प्रवेश परीक्षा आहे, नागपुरात शासकीय चित्रकला महाविद्यालय आहे. अहमदाबादच्या एनआयडी या राष्ट्रीय डिझाइन संस्थेत सिरॅमिक आणि काच हा डिझाइनचा विषयच आहे. पंधरा दिवसांच्या 'ग्लास पेंटिंग डिप्लोमा'वर मात्र पैसे घालू नका.

पोट भरेल का? सुरुवातीची काही वर्षं ओढाताणीची जातील. नुसत्या काचेवर विसंबू नये. चित्रकला पक्की करावी, म्हणजे शिकवणं, सजावट, जुन्या काचांची दुरुस्ती अशी कामं घेता येतील.

पुढचं पत्र तिला लिहू द्या. पाठवण्याआधी वाचू नका.