पंचेचाळिसाव्या दिवशी रविवार होता

उत्तर गोव्यातल्या एका मतदाराचं पत्र आहे. 2022 साली निवडून आलेल्या आमदाराने शपथपत्रात एकही खटला प्रलंबित नसल्याचं लिहिलं, पण अर्ज भरण्याआधीच मारहाणीच्या एका खटल्यात त्याच्यावर आरोप निश्चित झाले होते, असं त्यांचं म्हणणं. त्या आदेशाची सही-शिक्क्याची नक्कल मार्चअखेरीस त्यांच्या हातात होती. 4 एप्रिलला त्यांनी निवडणूक कार्यालयात अर्ज दिला आणि उत्तराची वाट पाहत बसले. आता चार वर्षांनी विचारतात, निवड रद्द करून घेता येईल का? अशी पत्रं मला नेहमी येतात, फक्त मतदारसंघ बदलतो.

नाही येणार. लोकप्रतिनिधित्व कायद्याचं कलम 81 म्हणतं, निवडून आल्याचं जाहीर झाल्यापासून 45 दिवसांत निवडणूक याचिका दाखल व्हायला हवी. निकाल 10 मार्चला लागला. पंचेचाळिसावा दिवस होता 24 एप्रिल, तो रविवार. म्हणजे फार तर सोमवारी, 25 एप्रिलला पर्वरीच्या उच्च न्यायालयात तुम्हाला उभं राहता आलं असतं. त्यानंतर नाही. इतर दाव्यांत उशीर माफ करणारं मुदत कायद्याचं कलम 5 इथे लागू होत नाही. सर्वोच्च न्यायालयाने हे 1974 मध्येच सांगून ठेवलंय. आजारपण, शिगमा, कार्यालयाचं न आलेलं उत्तर, यांतलं काहीच चालत नाही.

तुम्ही अर्ज दिलात तो अशा कार्यालयात, ज्याला निकालानंतर निवड रद्द करण्याचा अधिकारच नाही. संविधानाच्या अनुच्छेद 329 प्रमाणे निवडीला आव्हान फक्त निवडणूक याचिकेनेच देता येतं. हातात नक्कल असताना तीन आठवडे उरले होते, आणि ते तुम्ही पोचपावती जपण्यात घालवलेत. वाईट वाटतं, कारण सर्वोच्च न्यायालयाच्या 2015 च्या कृष्णमूर्ती निकालानंतर गंभीर गुन्हा लपवणं हा भ्रष्ट आचार, म्हणजे निवड रद्द करायचं कारण, ठरू शकतो. तुमचा मुद्दा कदाचित टिकलाही असता. मूळ कागद पाहिल्याशिवाय त्याहून जास्त बोलणार नाही.

राहिलं लोकप्रतिनिधित्व कायद्याचंच कलम 125क, खोट्या शपथपत्राबद्दल सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दंड किंवा दोन्ही. पण एवढ्या कमी शिक्षेच्या गुन्ह्याची दखल घ्यायची मुदत एक वर्ष असते (जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम 468, आताच्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं 514). न्यायहितासाठी ती वाढवता येते, हे खरं. मात्र तुम्हाला कधी कळलं हे तुमच्याच 4 एप्रिलच्या अर्जावर लिहिलंय, समोरचा वकील तोच कागद पुढे करील. शिवाय वेळ किती लागतो ते बघा: नागपूरच्या देवेंद्र फडणवीस प्रकरणात 2014 च्या शपथपत्राचा वाद सर्वोच्च न्यायालयापर्यंत जाऊन परत खाली आला आणि 2023 साली ते निर्दोष सुटले. निवडणूक याचिकाही सहा महिन्यांत निकाली काढायचा प्रयत्न व्हावा असं कायदा म्हणतो. आमच्या वकीलखोलीत यावर फक्त हसू येतं.

तोच उमेदवार पुन्हा उभा राहिला तर ती नक्कल जोडून छाननीच्या वेळी प्रतिज्ञापत्र द्या. त्यावरून अर्ज बाद होईल असं समजू नका. माहिती खोटी आहे एवढ्यावरून निर्णय अधिकारी अर्ज नाकारत नाही, रकाने कोरे ठेवले तर गोष्ट वेगळी. पण तुमचं प्रतिज्ञापत्र सूचना फलकावर लागतं, लोक वाचतात. तो निवडून आला तर निकालाच्या दुसऱ्या दिवशी वकील गाठा. अनामत रक्कम 2,000 रुपये, ती भरली नाही तरी याचिका तिथेच फेटाळली जाते. भ्रष्ट आचाराच्या आरोपासाठी नमुना 25 मधलं शपथपत्र लागतं, आणि प्रतिवादी जितके तितक्या प्रती, प्रत्येकीवर ‘खरी प्रत’ म्हणून तुमची स्वतःची सही.