मुलगा ए पॉझिटिव्ह आहे, होस्टेलला पाठवू का?

2021 च्या दिवाळीच्या आसपास कॉलेजं उघडली, तेव्हाची गोष्ट. (ओळख पटू नये म्हणून तपशील बदलले आहेत.) मुलगा फार्मसीला, लसीचे दोन्ही डोस झालेले, फी भरलेली, पण आई होस्टेलवर पाठवायला तयार नाही. मुलगा वैतागून म्हणाला, "मॅडम, आईला माझ्या ब्लड ग्रुपचीच भीती वाटते."

ताईंनी, म्हणजे त्याच्या आईने, पर्समधून चार घड्या घातलेला कागद काढला. व्हॉट्सॲपवर आलेली बातमी, झेरॉक्सच्या दुकानातून प्रिंट काढलेली. 'ए गटाला कोरोनाचा धोका जास्त' या ओळीखाली लाल पेनाने दोन रेघा. "माझा भाऊही ए पॉझिटिव्हच होता," एवढंच बोलल्या. भाऊ दुसऱ्या लाटेत गेला होता.

बातमी खोटी नाही, हे मी आधी सांगितलं. 'काही नसतं हो तसं' म्हटलं की समोरचा माणूस पुढचं ऐकतच नाही. 2020 मध्ये इटली आणि स्पेनमधल्या गंभीर रुग्णांच्या अभ्यासात ए गटाला सुमारे 45 टक्के जास्त धोका दिसला, ओ गटाला कमी. पुढच्याच वर्षी अमेरिकेत लाखाहून अधिक लोकांच्या नोंदी तपासल्या, तर असा संबंध सापडला नाही. आणि 45 टक्के जास्त म्हणजे शंभरातल्या पंचेचाळीस जणांना होणार, असं नव्हे. समजा, इतर गटांत हजारातले दोघे गंभीर होत असतील, तर ए गटात साधारण तिघे. वय आणि मधुमेह यांच्यापुढे हा फरक किरकोळच.

मधुमेह म्हटल्यावर ताई थबकल्या.

"भावाला शुगर होती?"

"दहा-बारा वर्षं. ताप आला तर व्हायरलच असेल म्हणून घरीच ठेवलं. मीच म्हटलं होतं. नेलं तेव्हा ऑक्सिजन 82."

मग बराच वेळ त्या भावाबद्दलच बोलत राहिल्या. रक्तगटाचा विषय पुन्हा निघाला नाही. सगळा दोष ग्रुपवर टाकला की 'मीच म्हटलं होतं' हे आठवावं लागत नाही. मी ते बोलून दाखवलं नाही. त्या दिवसांत तापाला व्हायरल समजणारी घरं किती होती आणि बेड मिळणं किती मुश्कील होतं, एवढं मात्र सांगितलं. पुढच्या दोन भेटी भावाबद्दलच झाल्या.

निघताना मुलगा म्हणाला, "बाबांचा ओ आहे. मला काही होत नाही म्हणतात. दुसरा डोस अजून घेतलेला नाही."

बाबांना बीपी, वय पन्नाशीपुढचं. मला त्या घरात खरी काळजी त्यांचीच वाटली. पुढच्या वेळी त्यांनाही घेऊन या म्हटलं. आले, कुरकुरतच. पहिला प्रश्न: "ओवाल्यांनाही होतो का हो?"

होतो.

मुलगा तोवर होस्टेलला गेला होता. बाबांचा डोस त्याच आठवड्यात झाला.