तैवानच्या तलवारपटांच्या पटकथा लिहून पोट भरेल का?

नमस्कार ताई,

लेक बी.ए.च्या शेवटच्या वर्षाला, रात्र रात्र तैवानचे वुशिया म्हणजे तलवारबाजीचे चित्रपट पाहते आणि तिथंच जाऊन पटकथाकार व्हायचं म्हणते. त्यात पोट भरेल का, असं तुम्ही विचारलंय. नुसते वुशिया लिहून नाही भरणार. साठ-सत्तरच्या दशकांत तिथं असे चित्रपट धडाधड निघत. आता क्वचित एखादा निघतो.

तरी तिला मोडता घालू नका. तैवानच्या वांग ह्वेलिंग टीव्ही मालिका लिहायच्या. १९९४ साली त्यांनी दिग्दर्शक आंग ली यांच्यासोबत चित्रपटासाठी लिहिली ती एका स्वयंपाकी बापाची आणि त्याच्या तीन मुलींची घरगुती गोष्ट. तलवारी त्यानंतर आल्या, २०००च्या ‘क्राउचिंग टायगर, हिडन ड्रॅगन’मध्ये. त्या पटकथेला ऑस्करचं नामांकन मिळालं. सहलेखक जेम्स शेमस अमेरिकन. त्यांचा मसुदा इंग्रजीत, तो चिनीत जायचा, तिथं नव्यानं लिहिला जायचा, पुन्हा इंग्रजीत यायचा. म्हणजे माणसं लिहिता येणं आणि भाषा, यांवरच सगळं अवलंबून आहे.

हाणामारी बसवायला वेगळा दिग्दर्शक असतो. ती कशासाठी होते, हे लेखकानं ठरवायचं. दिग्दर्शक किंग हू यांचा ‘ड्रॅगन इन’ (१९६७) तिला पुन्हा पाहायला सांगा, या वेळी वही घेऊन. सरहद्दीवरच्या खाणावळीत दोन्ही बाजूंची माणसं गिऱ्हाईक म्हणून बसलीत आणि एकमेकांना जोखतायत. कोणाला काय ठाऊक आहे आणि कोण काय लपवतंय, हे प्रत्येक प्रसंगापुढे लिहून काढायचं. या घराण्याची खरी शिकवणी मला तीच वाटते.

आता व्यवहाराचं. पदवी पुरी होऊ द्या. मँडरिन, म्हणजे तिथली चिनी भाषा, आजच सुरू करा, पण तैवानात जुनी, पारंपरिक लिपी चालते. क्लास लावताना तेवढं विचारून घ्या. परदेशी विद्यार्थ्यांना तिथं राहून भाषा शिकण्यासाठी तैवानचं शिक्षण मंत्रालय ह्वायू शिष्यवृत्ती देतं. २०२४पासून मुंबईतही तैवानचं कार्यालय आहे, चौकशी तिथं करा. पटकथेचं शिक्षण पुण्यात एफटीआयआयमध्ये मिळतं. सिनेमात जम बसेपर्यंत मँडरिनच्या भाषांतरावर, दुभाषाच्या कामावर तिला स्वतःचा खर्च भागवता येईल, म्हणून भाषेत कुचराई नको.

आणि तिला मराठीतच एक प्रसंग लिहायला लावा: दोन वैरी, एक खाणावळ, तलवार उपसायची नाही. झाला की मला पाठवा, मी वाचून कळवेन.