गुणकाआधी उत्पन्न सिद्ध करा
बीडकडच्या ऊसतोड कामगाराच्या वाहन अपघातातील मृत्यूच्या भरपाईचा दावा चालवताना आधी उत्पन्नाचा पुरावा पाहा. उचल (हंगामाआधीची आगाऊ मजुरी) नवरा-बायकोच्या कोयत्यावर, म्हणजे जोडीच्या नावे, एकत्र दिलेली असल्याने मृताचा वाटा मुकादमाच्या (मजूर पुरवणाऱ्या ठेकेदाराच्या) साक्षीतून वेगळा काढावा लागतो, आणि दावा पातळ होतो तो इथेच. समजा, ३४ वर्षांच्या माणसाचे मासिक १२,००० रुपये सिद्ध झाले, तर सर्वोच्च न्यायालयाच्या २०१७ च्या प्रणय सेठी निकालानुसार भविष्यातील वाढीचे ४० टक्के मिळवून १६,८००, चार अवलंबितांमुळे वैयक्तिक खर्चाचा चौथा हिस्सा वजा करून १२,६००, आणि वर्षाच्या १,५१,२०० ला वयानुसार ठरणाऱ्या गुणकाने, इथे १६ ने, गुणून २४,१९,२०० रुपये होतात. सहवास गमावल्याच्या व अंत्यविधीच्या ठरावीक रकमा वेगळ्या मागाव्यात. वयासाठी आधार कार्डापेक्षा शाळा सोडल्याचा दाखला जोडावा, कारण ३५ ऐवजी ३६ धरले गेले तर गुणक १५ वर येतो.